खिशातलं गाईड आणि लिंबावरची अळी

आमच्या शिक्षकांच्या व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपवर मागच्या महिन्यात एक व्हिडिओ आला. पहिलीची मुलं, शाळेचं आवार, गुलमोहराचं झाड. बाईंनी टॅब झाडासमोर धरला, पडद्यावर नाव उमटलं, बाई म्हणाल्या, "डेलॉनिक्स रेजिया!" आणि वर्गातली सगळी मुलं पाढे म्हणतात त्या सुरात ओरडली, "डेलॉनिक्स रेजिया!" त्यावर दोन दिवस ग्रुपवर रणधुमाळी. एका बाजूचं म्हणणं, हीच खरी डिजिटल शाळा, आता खेड्यातली पोरं कुठे कमी पडणार नाहीत. दुसऱ्या बाजूचं म्हणणं, घरी मोबाइल सुटत नाहीच, आता शाळेतही द्या आणि पोरांचे डोळे घालवा. गंमत अशी की दोन दिवसांत झाडाबद्दल कुणी एक वाक्य लिहिलं नाही. त्या गुलमोहराला लांब, वाळक्या शेंगा लटकत होत्या. खाली पडलेली एक शेंग उचलून मागच्या रांगेतला एक मुलगा कानाशी धरून खुळखुळ वाजवत होता. ओरडण्यात तो सामील नव्हता. माझ्या मते त्या तासाला परिसर अभ्यास करणारा तो एकटाच.

माझी भूमिका आत्ताच सांगून टाकते. झाडं, पक्षी, किडे ओळखून देणारी ही अ‍ॅप चांगली आहेत. माझ्या फोनमध्ये तीन आहेत आणि सकाळी फिरायला गेले की त्यातलं एखादं उघडलं जातंच. पण सात-आठ वर्षांपर्यंतच्या मुलांच्या वर्गात ती मुलांच्या हातात नकोत, बाईंच्या पर्समध्ये असावीत. बाहेर काढायचीच तर तासाच्या शेवटी. मुलांचं बघून झाल्यावर, चित्र काढून झाल्यावर, आपसात भांडून झाल्यावर. मोबाइल असावा की नसावा हा वाद मला पोकळ वाटतो. खरा प्रश्न एवढाच आहे की नाव आधी की बघणं आधी.

डोळ्यांचा मुद्दा आधी निकालात काढू, कारण तो सर्वांत जोरात मांडला जातो आणि सर्वांत लंगडा आहे. जागतिक आरोग्य संघटनेने २०१९ मध्ये सांगितलं की दोन ते चार वर्षांच्या मुलांनी दिवसात एका तासापेक्षा जास्त वेळ पडद्यासमोर बसू नये. हे बसून, खिळून बघण्याबद्दल आहे. उन्हात उभं राहून पानावर दहा सेकंद कॅमेरा धरणं त्यात कसं बसणार? विरोधक असली मापं घेऊन येतात, समर्थक ती चुटकीसरशी उडवून लावतात, आणि वाद जिंकल्याच्या आनंदात मूळ प्रश्न तसाच राहतो. अ‍ॅपने डोळे बिघडत नाहीत. बघणं मात्र बिघडू शकतं, आणि ते मी स्वतः बिघडवलेलं आहे.

आमच्या शाळेच्या हातपंपाशेजारी एक लिंबाचं झाड आहे. दोन वर्षांपूर्वी दुसरीतल्या एका मुलीने मला त्याचं पान दाखवलं. "बाई, पक्षी हगलाय." बघते तो ती शीट हळूच पुढे सरकली. अळी होती. मला इतका आनंद झाला की मी लगेच फोन काढला, फोटो घेतला, आलेलं इंग्रजी नाव वाचून दाखवलं. मुलांनी ते माझ्यामागून म्हटलं आणि पकडापकडी खेळायला पळाली. घड्याळ लावलं नव्हतं, पण मिनिटसुद्धा गेलं नसेल. त्यांची काय चूक? प्रश्न होता, उत्तर आलं, विषय संपला. शाळेत आपण त्यांना हेच तर शिकवतो.

पुढच्या वर्षी तेच झाड, तशीच अळी, फक्त गावातला टॉवर चार दिवस बंद. नाईलाजाने मी म्हटलं, "मला नाही माहीत बुवा. बघू या." मग सुरू झालं. एक म्हणाला, ही शीटच आहे, वाऱ्याने हलते. दुसरीने फुंकर मारली. तिसऱ्याने काडी लावली, आणि अळीने डोक्यामागून नारिंगी रंगाची दोन मऊ शिंगं बाहेर काढली. मुलं किंचाळून मागे सरकली, आणि लगेच पुढेही आली. वास आला, सडक्या लिंबासारखा. "बाई, ती पादली!" त्यावर पाच मिनिटं हसणं. मग कुणीतरी विचारलं की शिंगं गेली कुठे. आणखी कुणी शोधून काढलं की दुसऱ्या फांदीवर अशीच एक आहे पण हिरवीगार, मोठी. ती हिची आई का? त्या प्रश्नावर दोन तट पडले. "अळीला आई नसते, आई फुलपाखरू असते," असं एका मुलाने ठणकावून सांगितलं. दुपारची सुट्टी कधी संपली ते आम्हाला कळलं नाही. शीट दिसणारी लहान अळी कात टाकत टाकत हिरवी होते, हे त्या मुलांनी पुढच्या आठवड्यात स्वतः पकडलं. त्यात माझं श्रेय शून्य. असलंच तर टॉवरचं.

आपल्याकडे 'गाईड' या शब्दाला एक खास अर्थ आहे. इंग्रजीत पक्षी ओळखायच्या पुस्तकालाही गाईड म्हणतात, पण मराठी घरात गाईड म्हणजे धड्याखालच्या प्रश्नांची तयार उत्तरं. धडा न वाचता स्वाध्याय पूर्ण करायची सोय. गाईडमधली उत्तरं चुकीची असतात म्हणून आपण त्याला नावं ठेवतो का? बहुतेक वेळा ती बरोबरच असतात. आक्षेप वेगळाच आहे. गाईड मुलाला धड्यातून बाहेर काढून थेट उत्तरापाशी नेऊन ठेवतं, आणि मधला सगळा रस्ता चोरतं. घाईने वापरलेलं ओळख-अ‍ॅप हे झाडाचं गाईड आहे. स्वाध्याय झाला, झाड वाचलंच नाही.

आता समोरच्या बाजूचा सर्वांत जड मुद्दा. तो असा: बाई, तुम्हाला म्हणायला काय जातं, पण शिक्षकालाच झाडं ओळखता येत नसतील तर? हे खरं आहे आणि ते मान्य करताना मला लाज वाटत नाही. डी.एड.ला आम्हाला पाठाचं टाचण काढायला शिकवलं, फळ्याचे विभाग पाडायला शिकवलं. शाळेच्या कुंपणावरची वेल कोणती हे कुणी शिकवलं नाही. दोन शिक्षकी शाळेत चार वर्ग सांभाळायचे, पोषण आहाराचा हिशेब लिहायचा, ऑनलाइन माहिती भरायची, त्यात वनस्पतिशास्त्र कुठून येणार? अशा शिक्षकाच्या खिशात एक जाणकार आला तर त्याला नको म्हणणारी मी कोण? म्हणूनच मी म्हणते की अ‍ॅप शिक्षकाकडे असावं. आदल्या संध्याकाळी आवारात फिरून दहा झाडं ओळखून ठेवावीत, नावं वहीत लिहावीत. शिक्षकाचा आत्मविश्वास वाढवायला याहून स्वस्त साधन नाही.

पण या मुद्द्याच्या पोटात एक गृहीत लपलेलं आहे: शिक्षकाला उत्तर माहीत असलंच पाहिजे. का? अमेरिकेत न्यूयॉर्क राज्यात १८९०च्या दशकात शेती बुडाली, खेडी ओस पडू लागली, तेव्हा कॉर्नेल विद्यापीठाने ग्रामीण शाळांसाठी निसर्ग अभ्यासाची मोहीम काढली. तिच्यात पुढे असलेल्या अ‍ॅना कॉमस्टॉक या बाईंनी १९११ मध्ये शिक्षकांसाठी जाडजूड ग्रंथ लिहिला. निसर्गाच्या तासाला शिक्षक "मला माहीत नाही" असं मानाने म्हणू शकतो, असं त्यात त्यांनी बजावून सांगितलं आहे. गणिताच्या शिक्षकाला ही चैन नाही, पण पानावर बसलेल्या किड्यापुढे शिक्षक आणि मूल एकाच बाकावर बसतात. नियतीचा खेळ बघा: त्याच कॉर्नेल विद्यापीठाच्या पक्षिशास्त्र प्रयोगशाळेने २०१४ मध्ये मर्लिन हे पक्षी ओळखायचं अ‍ॅप आणलं, आणि २०२१ पासून ते नुसता आवाज ऐकून नाव सांगू लागलं. एकाच गावातून आलेल्या या दोन देणग्या. पहिलीने शिक्षकाला "माहीत नाही" म्हणायचं बळ दिलं. दुसरी वाईट वापरली तर तसं म्हणायची वेळच येऊ देत नाही.

असा वाद निघाला की कुणीतरी पक्षिशास्त्रज्ञ सलीम अलींना मध्ये आणतंच. विचार करा, म्हणतात, त्या मुलाकडे अ‍ॅप असतं तर! चला, करू या विचार. १९०८च्या सुमारास मुंबईच्या खेतवाडीत मामांकडे वाढणाऱ्या दहा-बारा वर्षांच्या मुलाने छर्ऱ्याच्या बंदुकीने एक चिमणी मारली. तिच्या गळ्यावर पिवळा डाग होता. मामा अमिरुद्दीन तय्यबजी स्वतः शिकारी, पण त्यांनाही ती ओळखता आली नाही. त्यांनी चिठ्ठी देऊन मुलाला बॉम्बे नॅचरल हिस्टरी सोसायटीच्या मिलार्ड साहेबांकडे पाठवलं. मिलार्डने चिमणी ओळखली, पिवळ्या गळ्याची. याला किती वेळ लागला असेल? मिनिटभर. मिनिटभरात नाव सांगून त्याने मुलाला परत पाठवलं असतं तर गोष्ट तिथेच संपली असती. त्याने कपाटांचे खण उघडले, पेंढा भरलेले शेकडो पक्षी दाखवले, या चिमणीचे चुलतभाऊ-बहिणी दाखवल्या. पुढे कातडी कशी काढायची, नोंद कशी ठेवायची तेही त्या मुलाला तिथेच शिकायला मिळालं. अ‍ॅपने मिलार्डचं एका मिनिटाचं काम केलं असतं, आणि त्या मुलाला खेतवाडीतून बाहेर पडायचं कारण उरलं नसतं.

यावर पटकन उत्तर येईल, आणि ते रास्त आहे: तय्यबजींच्या घरात वाढणं सगळ्यांच्या नशिबी नसतं. ज्या मुलाला चिठ्ठी देणारा मामा नाही आणि दार उघडणारा मिलार्ड नाही, त्याने काय करायचं? पुण्या-मुंबईच्या सोसायटीत वाढणाऱ्या, आजी गावी आणि आई-बाबा ऑफिसात असलेल्या मुलाला झाडाचं नाव सांगणारं माणूसच आसपास नसतं. त्याला अ‍ॅप हाच मामा. हा मुद्दा मी टाळत नाही. त्या मुलाने शनिवारी बाबांच्या फोनवर बागेतली झाडं ओळखली तर मला आनंदच आहे. पण मी वर्गाबद्दल बोलते आहे. वर्गात माणूस असतो. त्याच्या नेमणुकीचं पत्र निघालेलं असतं, पगार होत असतो. तिथे माणसाने मिलार्डचं काम सोडून नाव सांगायचं यंत्राचं काम का करावं?

अ‍ॅपविरोधकांतल्या एका हळव्या पंथाशीही माझं पटत नाही. ते म्हणतात, नावाची गरजच काय, मुलांना नुसतं अनुभवू द्या. मग भौतिकशास्त्रज्ञ रिचर्ड फाइनमनच्या वडिलांचा किस्सा येतो: पक्ष्याचं नाव जगातल्या सगळ्या भाषांत येत असलं तरी पक्ष्याबद्दल तुला काही कळलेलं नसतं. किस्सा सुंदर आहे, फक्त त्याचा उत्तरार्ध कुणी सांगत नाही. वडिलांनी पुढे मुलाला विचारलं, पक्षी सारखे पिसांत चोच का खुपसत असतील? नाव बाजूला ठेवलं ते असा प्रश्न विचारता यावा म्हणून. आणि नाव फुकाचं असतं हे मला मान्य नाही. ज्याला नाव नाही ते पुन्हा दिसलं तरी पुन्हा भेटत नाही. नाव कळलं की रोजच्या रस्त्यावरचं हिरवं काहीतरी एकदम करंज होतं, शिरीष होतं, ओळखीचं होतं. हे मी शेकडो मुलांच्या चेहऱ्यावर पाहिलं आहे.

मात्र कोणतं नाव? मराठीतली पक्ष्यांची नावं नुसती आठवून बघा. तांब्याच्या भांड्यावर हातोडीचे टोले पडावेत तसा टुक-टुक करणारा तांबट. पानं शिवून घरटं करणारा शिंपी. टोळीने गलका करत फिरणारे सातभाई. काळ्या अंगावर कपाळाला पांढरा टिळा लावून तळ्यात फिरणारा वारकरी. पावसाच्या तोंडावर "पेरते व्हा, पेरते व्हा" ओरडणारा पावशा. तोच हिंदीत "पी कहाँ" विचारत फिरणारा पपीहा आणि इंग्रजीत तापाने भणभणलेल्या डोक्याचा पक्षी. ही नावं कुणी दिली? जे बघत होते, ऐकत होते त्यांनी. प्रत्येक नाव म्हणजे कुणाच्या तरी दीर्घ बघण्याचा अर्क आहे. मुलांना हा अर्क थेट पाजायचा की त्यांनाही एकदा तो काढायला लावायचा? आमच्या वर्गात आधी मुलं नाव ठेवतात. तांबटाचं नाव एका वर्षी 'पंक्चरवाला' होतं, कारण फाट्यावरच्या दुकानातला ठोकण्याचा आवाज. खरं नाव मी आठवड्याने सांगितलं तेव्हा एक मुलगा म्हणाला, "म्हणजे त्यांनी पण आवाजावरूनच ठेवलं होय!" त्या मुलाला नावापेक्षा मोठी गोष्ट कळली होती: नावं माणसं ठेवतात, आणि ती काहीतरी बघून ठेवतात. अ‍ॅपवर हाच पक्षी 'कॉपरस्मिथ बार्बेट' म्हणून येतो. त्या नावातही तांब्याचा कारागीर आहेच, पण आमच्या मुलांना तो दिसत नाही.

ज्या शाळांत मुलांनाच शिक्षकापेक्षा जास्त माहीत असतं तिथलं तर सगळंच उलटं. ताराबाई मोडकांनी १९४५ मध्ये बोर्डीला ग्राम बाल शिक्षा केंद्र काढलं, पुढे अनुताई वाघांसह त्या कोसबाडच्या टेकडीवर गेल्या. वारली मुलं गुरांमागे जातात म्हणून शाळेत येत नाहीत, तर शाळाच कुरणात नेली. तिला नावही कुरणशाळा. पानं, बिया, शिंपले, खडे हेच साहित्य. गुरं राखणाऱ्या मुलाला गवताची किती नावं येतात, हे तिथे शिक्षिकेने मुलाकडून शिकायचं होतं. आज त्याच पट्ट्यातल्या एखाद्या शाळेत टॅब नेला तर काय होईल? ज्या वेलीचं नाव, तिचा कंद कधी खणायचा, तो किती पाण्यांत उकळायचा हे सगळं सहा वर्षांच्या मुलीला ठाऊक आहे, त्या वेलीचं टॅब एक लॅटिन नाव सांगेल, आणि तिच्या तोंडातलं नाव त्यात नसेल. मुलगी काय शिकेल? आपल्याला येत होतं ते नाव खरं नव्हतं, एवढंच. मारुती चितमपल्लींनी वनखात्यात नोकरी करता करता आदिवासींच्या तोंडून पक्षी-झाडांचे शब्द गोळा केले, त्यात आयुष्य घातलं. ती दिशा उलटी फिरवायची का? आयनॅचरलिस्टसारख्या अ‍ॅपमध्ये स्थानिक भाषेतली नावं भरता येतात. शिक्षकाने तिथे त्या मुलीकडून ऐकलेलं नाव भरलं, तर तो टॅबचा खरा उपयोग. पण हे करणारे शिक्षक मला अजून थोडेच भेटलेत.

अ‍ॅप चुकतं, हा आक्षेपही नेहमीचा. चुकतंच. ते फोटोंवर पोसलेलं असतं, ज्या जातीचे पुरेसे फोटो नाहीत ती त्याला ठाऊकच नसते, आणि फोटो सगळ्यात जास्त अमेरिका-युरोपातले. आपली गवतं, आपले भुंगे यांच्या बाबतीत ते पुष्कळदा अंदाजपंचे बोलतं. पण पुस्तकं चुकतात, आम्हीही चुकतो. चूक हा अ‍ॅप हाकलून द्यायचं कारण मला वाटत नाही. उलट लहान मुलांसाठी त्याची चूक हीच सगळ्यात कामाची गोष्ट आहे. दसऱ्याच्या आदल्या दिवशी आम्ही आपटा आणि कांचन शेजारी शेजारी ठेवतो. दोन्हींची पानं मधे चिरलेली, दुभंगलेली, आणि बाजारात आपटा म्हणून कांचनाच्या डहाळ्या सर्रास विकल्या जातात. आधी मुलं पानं मोजतात, हाताने चोळतात, पट्टी लावतात. आपट्याचं पान छोटं, जाड, लांबीपेक्षा रुंद; कांचनाचं मोठं, मऊ. मग मी सीक हे अ‍ॅप उघडते. त्याची एक गोष्ट मला फार आवडते. त्यात वर ठिपक्यांची ओळ असते. कॅमेरा फिरवत जावं तसे ठिपके भरत जातात. वनस्पती, मग वर्ग, मग कुळ. खात्री नसेल तर ते मधल्याच ठिपक्यावर थांबतं. ते थांबलं की मुलं ओरडतात, "बाई, त्याला नाही येत! आम्हाला येतं!" यंत्राला कुठपर्यंत येतं आणि कुठून पुढे येत नाही, हे सात वर्षांच्या मुलाला असं कळलं, तर पुढे मोठेपणी व्हॉट्सअ‍ॅपवर येणाऱ्या प्रत्येक गोष्टीवर ते विश्वास ठेवणार नाही, अशी मला आशा आहे. अर्थात यासाठी त्याचं स्वतःचं काहीतरी मत आधी तयार असावं लागतं. रिकाम्या हाताने यंत्राची परीक्षा घेता येत नाही.

चुकीला एक अपवाद आहे आणि तिथे मी थट्टा करत नाही. खाण्याचा. पहिल्या पावसानंतर रस्त्याकडेला टाकळा उगवतो, विदर्भात त्याला तरोटा म्हणतात. त्याच्यासारखाच दिसणारा कासविंदाही तिथेच उगवतो. टाकळ्याच्या पानांची टोकं गोलसर, कासविंद्याची अणकुचीदार. पश्चिम उत्तर प्रदेशात वर्षानुवर्षं लहान मुलं तडफडून दगावत होती, आणि लोक तो मेंदूज्वर समजत होते. २००७च्या सुमारास डॉक्टरांनी दाखवून दिलं की मुलांनी कासविंद्याच्या शेंगा खाल्ल्या होत्या. आपल्याकडे चंद्रज्योतीच्या बिया खाऊन शाळकरी मुलं दवाखान्यात गेल्याच्या बातम्या दरवर्षी वाचतो. "फोनने सांगितलं" म्हणून कुठलंही पान, बी, अळंबी तोंडात जाता कामा नये. हा नियम अ‍ॅप उघडायच्या आधी, दर वेळी, मोठ्याने. हे सांगायला मात्र नाव लागतं आणि लवकर लागतं. चंद्रज्योत आवारात असेल तर मी मुलांच्या शोधाची वाट बघत बसत नाही, पहिल्याच दिवशी झाड दाखवते. माझ्या 'नाव शेवटी' या नियमाला इथे खुशाल अपवाद म्हणा.

समर्थकांचं आवडतं उदाहरण कॅल्क्युलेटरचं. त्यालाही विरोध झाला होता, म्हणतात, आज बघा. बघितलं. कॅल्क्युलेटर सगळीकडे आहे, फक्त दुसरीच्या वर्गात नाही. कुणी त्याच्यावर बंदी आणलेली नाही. मूल आधी चिंचोके मोजतं, दशकाचे गठ्ठे बांधतं, हातचा घेतं, आणि संख्या म्हणजे काय हे बोटांत उतरल्यावर कधीतरी कॅल्क्युलेटर येतो. मी याहून वेगळं काही मागत नाही. राष्ट्रीय शैक्षणिक धोरणानेही तीन ते आठ वर्षं हा पायाभूत स्तर वेगळा काढला आहे, तो खेळून, हाताळून शिकायचा. पुढे चौथी-पाचवीत मुलांच्या हाती अ‍ॅप द्या, माझी हरकत नाही.

घाईने आणलेल्या चांगल्या गोष्टीचं काय होतं याचा अनुभव आपल्याला आहे. १९९१ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने एम. सी. मेहतांच्या याचिकेवर पर्यावरण हा विषय शिक्षणात सक्तीचा करायला सांगितलं. हेतू उत्तम. हाती काय आलं? झेरॉक्सच्या दुकानात तयार मिळणारे प्रकल्प, रंगीत मुखपृष्ठ घातलेले, नदी न बघता लिहिलेले नदीप्रदूषणाचे. फोटो-नाव-फोटो-नाव असं पन्नास पानांचं 'माझ्या परिसरातील वनस्पती' आता अ‍ॅपमुळे तासाभरात होईल. अधिकारी खूश, पालक खूश.

तंत्रज्ञानाने बघणं लांबवताही येतं. सीझनवॉच नावाचा एक उपक्रम २०१०च्या सुमारास सुरू झाला, केरळातल्या शाळांनी तो विशेष उचलून धरला. मुलाने एक झाड निवडायचं आणि दर आठवड्याला त्याच झाडाकडे जाऊन नोंद करायची: कोवळी पानं किती, फुलं आली का, फळं पिकली का. नाव पहिल्या दिवशी कळलेलं असतं, ते एकदाच लागतं. उरलेलं वर्षभर फक्त बघायचं. तिथेही वेबसाइट आहे, मोबाइल आहे, आकडेवारी आहे, आणि मूल त्याच झाडाकडे पन्नास वेळा परत जातं. ओळख-अ‍ॅप त्याला पन्नास झाडांकडे एकेकदा पाठवतं. यातलं काय हवं ते शाळेने ठरवावं. टॅब कुठलंही करू देतो.

लिंबावरच्या त्या हिरव्या अळीचं सांगायचं राहिलं. तिने काटकीला दोरा बांधून स्वतःला टेकवलं आणि कोश केला. मुलांनी तिची चित्रं काढली होती, पाठीवरचे तपकिरी पट्टे मोजून. रेंज आल्यावर मी फोटो अ‍ॅपला दाखवले. एका फोटोवर त्याने एका फुलपाखराचं नाव सांगितलं, दुसऱ्या कोनातून काढलेल्यावर दुसऱ्याच. वर्गात दोन पक्ष पडले, फळ्यावर मतं लिहिली गेली, कोश फुटल्यावर निकाल लागायचा होता. मुलं रोज प्रार्थनेआधी हातपंपावर हजेरी लावत होती. सोमवारी सकाळी कोश रिकामा. फुलपाखरू रविवारी गेलं होतं. मी रिकाम्या टरफलाचा फोटो काढून अ‍ॅपला दाखवला; ठिपके दोन भरले आणि थांबले. मुलं माझ्यावरच चिडली, शाळेला रविवारी सुट्टी का देता म्हणून. तेवढ्यात ती पहिल्या वर्षीची मुलगी, आता तिसरीत गेलेली, तिच्या लहान भावाला घेऊन झाडाखाली उकिडवी बसली आणि शेंड्याकडचं एक कोवळं पान खाली ओढून म्हणाली, "गप बसा रे, इथं अंडं आहे."